बंद खिडकीआडची कढई

गेल्या महिन्यात जिल्ह्यातील एका तालुक्याच्या गावी कार्यकर्त्यांचे अभ्यासशिबिर भरले होते. तेथे ‘जिल्ह्याचे शेतीअर्थकारण’ या विषयावर बोलण्याचे काम माझ्याकडे होते. भाषण संपल्यावर एका तरुण कार्यकर्त्याने विचारले, “सर, गावात गोमांसाचा प्रश्न निघाला म्हणजे आम्ही काय बोलावयाचे?” मी उत्तर देण्यापूर्वीच व्यासपीठावरील एक ज्येष्ठ सहकारी म्हणाले, “काहीच बोलावयाचे नाही. तो प्रतिपक्षाने लावलेला सापळा आहे. आपण कांद्याच्या भावाविषयी बोलावे, दुधाच्या दराविषयी बोलावे.” सभागृहातील बहुतेकांनी माना डोलावल्या. मी पाहुणा होतो. वेळही संपली होती. मी गप्प राहिलो, आणि त्या गप्प राहण्याची टोचणी लागून हा लेख लिहीत आहे.

ज्येष्ठ सहकाऱ्यांच्या प्रामाणिकपणाविषयी मला शंका नाही. परंतु त्यांचे प्रतिपादन अर्थशास्त्रदृष्ट्या चुकीचे आहे आणि राजकीयदृष्ट्या घातक आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. गोमांसाचा प्रश्न कांद्याच्या आणि दुधाच्या प्रश्नाहून वेगळा नाही. तो त्याच शेतकऱ्याच्या त्याच गोठ्यातला आणि त्याच मजुराच्या त्याच चुलीवरचा प्रश्न आहे. हे मी एका कढईच्या आधाराने सांगणार आहे.

एक साधे जेवण

नगर शहरात आमच्या घराशेजारी एक निवृत्त परिचारिका राहतात. नगरच्या जुन्या ख्रिस्ती वस्तीतील त्यांचे घराणे. अमेरिकन मराठी मिशनने १८३१ मध्ये या शहरात काम सुरू केले. तेव्हापासून येथील ख्रिस्ती समाज मराठी भाषेत, मराठी कीर्तनात आणि मराठी मसाल्यांत वाढलेला आहे. या बाईंची भाची अमेरिकेत लुइझियाना प्रांतात रुग्णालयात काम करते. तिने मावशीला फोनवरून तिकडच्या ‘क्रिओल’ पद्धतीच्या एका जेवणाची कृती सांगितली. गोमांस, कांदा, ढोबळी मिरची, टोमॅटो आणि भात, सगळे एकाच पसरट कढईत. एक पदार्थ केला की जेवण झाले. दिवसभर राबून आलेल्या माणसाचे हे जेवण आहे.

बाईंनी ते आपल्या पद्धतीने केले. अर्धा किलो म्हशीचे मांस आणले. (हा शब्द मी मुद्दाम स्पष्ट लिहितो; महाराष्ट्रात म्हशीचे मांस कायद्याने निषिद्ध नाही.) मांसाच्या रेषांना आडवे छेद देऊन पातळ काप केले, आले-लसूण आणि मीठ लावून तासभर ठेवले. म्हशीचे मांस चिवट असते, म्हणून ते आधी कुकरमध्ये चार शिट्ट्या देऊन मऊ करून घेतले आणि त्याचे पाणी जपून ठेवले. लोखंडी कढईत तेल तापवून दोन कांदे, दोन ढोबळ्या मिरच्या आणि लसूण परतला. तिकडे कांदा आणि ढोबळी मिरचीच्या जोडीला सेलरी नावाच्या भाजीचे देठ घालतात. ते येथे सहजी मिळत नाहीत, म्हणून बाईंनी कोथिंबिरीचे कोवळे देठ चिरून घातले. मग टोमॅटो, मूठभर भेंडी, मिरपूड, लाल तिखट. त्यावर मांस, धुतलेले तांदूळ आणि मांसाचेच गरम पाणी. झाकण ठेवून मंद आचेवर वीस मिनिटे. पाच माणसे पोटभर जेवली. खर्च विचारला तेव्हा बाईंनी बोटांवर हिशेब करून सांगितले, “तीनशेच्या आत झालं की हो, सर.” आज बाजारात बोकडाच्या मटणाचा भाव किलोला सातशेच्या पुढे आहे. म्हणजे त्याच अर्ध्या किलोला मटण घेतले असते तर नुसत्या मटणातच हे सगळे पैसे संपून आणखी लागले असते.

बाईंनी मलाही ताट वाढले आणि मी ते आनंदाने खाल्ले. परंतु स्वयंपाक चालू असताना एक गोष्ट माझ्या ध्यानात आली. वैशाखातील उकाडा होता, तरी स्वयंपाकघराच्या दोन्ही खिडक्या बाईंनी घट्ट लावून घेतल्या होत्या. मी एक उघडावयास गेलो तर त्या म्हणाल्या, “नका उघडू, सर. वास जातो.” मी म्हणालो, “अहो, म्हशीचं आहे ना? मग कायद्यात बसतं.” त्या म्हणाल्या, “वासाला कुठं कळतं म्हशीचं का बैलाचं? आणि दार वाजवणाऱ्यालाही कळत नाही.”

पस्तीस वर्षे रुग्णांची सेवा केलेली, सत्तरीकडे झुकलेली, कायद्याचे तंतोतंत पालन करणारी एक नागरिक स्वतःच्या स्वयंपाकघरात चोरासारखी वावरते. माझ्या लेखी हा प्रश्न तेथून सुरू होतो.

कायदा काय म्हणतो

कार्यकर्त्यांना कायद्याची नेमकी माहिती नसते असा माझा अनुभव आहे. म्हणून ती थोडक्यात देतो. महाराष्ट्र प्राणी रक्षण कायदा १९७६ चा. तो १९७८ मध्ये अमलात आला. त्याने गाय आणि तिचे वासरू, मग ते कालवड असो वा गोऱ्हा, यांच्या कत्तलीस बंदी घातली. बैल, वळू आणि म्हैस यांना मात्र ‘काम, दूध अथवा पैदास यांस निरुपयोगी’ असा दाखला मिळाल्यास कत्तलीची मुभा होती. ही व्यवस्था आदर्श नव्हती. परंतु तीत शेतकऱ्याच्या व्यवहाराला एक दरवाजा उघडा होता.

१९९५ मध्ये युती सरकारने बैल आणि वळू यांनाही बंदीत आणणारी दुरुस्ती विधिमंडळात संमत करून घेतली. ती वीस वर्षे राष्ट्रपतींच्या संमतीवाचून पडून होती. २०१५ च्या मार्चमध्ये ती अमलात आली. शिक्षा सहा महिन्यांवरून पाच वर्षांपर्यंत वाढली, दंड एक हजारावरून दहा हजारांवर गेला. राज्याबाहेरून कायदेशीरपणे आणलेले गोमांस जवळ बाळगणे हाही गुन्हा ठरला आणि आपण निर्दोष आहोत हे सिद्ध करण्याचे ओझे आरोपीवरच टाकण्यात आले.

६ मे २०१६ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने या दुरुस्तीतील ही दोन कलमे रद्द केली. माणसाने आपल्या घरात काय खावे यात डोकावण्याचा अधिकार राज्याला नाही, कारण ते त्याच्या खाजगी आयुष्याचे अंग आहे, असा त्या निकालाचा आशय आहे. कत्तलबंदी मात्र न्यायालयाने कायम ठेवली. तेव्हा आजची स्थिती अशी: महाराष्ट्रात बैल कापता येत नाही; म्हैस आणि रेडा दाखल्यानिशी कापता येतो; आणि घरातल्या कढईत काय शिजते हे विचारीत दार वाजविण्याचा अधिकार रस्त्यावरच्या कोणत्याही टोळीला नाही. ही तीन वाक्ये प्रत्येक कार्यकर्त्याला तोंडपाठ असावयास हवीत.

सत्तेचाळीस आणि अठ्ठेचाळीस

बंदीचे समर्थक घटनेच्या ४८ व्या अनुच्छेदाकडे बोट दाखवितात. दाखवावे, परंतु तो वाचावाही. त्याचा प्रारंभ शेती आणि पशुपालन यांची ‘आधुनिक आणि शास्त्रीय पद्धतीने’ संघटना करण्यापासून होतो आणि त्याच ओघात गायी, वासरे व इतर दुभत्या आणि ओढकामाच्या जनावरांच्या कत्तलबंदीचा उल्लेख येतो. २४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटना समितीत यावर चर्चा झाली, तेव्हा आसामचे सय्यद मुहम्मद सादुल्ला यांनी एक सरळ मुद्दा मांडला होता: तुम्ही धर्मभावनेसाठी हे मागत असाल तर तसे सांगा, मी विरोध करणार नाही; परंतु अर्थशास्त्राचा बुरखा पांघरू नका. ७५ वर्षे उलटून गेली तरी त्या आवाहनाला प्रामाणिक उत्तर मिळालेले नाही.

आणि ४८ च्या आधी ४७ वा अनुच्छेद आहे, हे कोणी सांगत नाही. जनतेचे पोषणमान उंचावणे हे राज्याच्या प्राथमिक कर्तव्यांपैकी एक कर्तव्य आहे, असे तो सांगतो. या कर्तव्याचा हिशेब काय? २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार महाराष्ट्रातील पाच वर्षांखालील ३५.२ टक्के मुलांची उंची वयाच्या मानाने खुंटलेली आहे. सहा महिने ते पाच वर्षे या वयातील ६८.९ टक्के मुलांना आणि १५ ते ४९ वयाच्या ५४.२ टक्के स्त्रियांना रक्तक्षय आहे. हे देशातील सर्वांत श्रीमंत म्हणविणाऱ्या राज्याचे आकडे आहेत.

आता पुन्हा त्या कढईकडे पाहा. शंभर ग्रॅम मांसात सुमारे वीस ग्रॅम प्रथिने असतात. मांसातील लोह शरीरात जितक्या सहजतेने शोषले जाते तितके पालेभाजीतील किंवा डाळीतील शोषले जात नाही. टोमॅटो आणि ढोबळी मिरची यांतील ‘क’ जीवनसत्त्व भाजी आणि भात यांतील लोह शोषण्यास मदत करते. म्हणजे ही एक कढई रक्तक्षयाने ग्रासलेल्या बाईच्या आहारात कामाची आहे; आणि ती तीनशे रुपयांत पाच माणसांना मिळते. ज्या राज्याने जानेवारी २०२५ मध्ये शालेय पोषण आहारातील अंड्यांसाठीचा निधीसुद्धा थांबविला आणि अंडी द्यावयाची तर लोकवर्गणीतून द्या असे शाळांना सांगितले, त्या राज्याच्या तोंडी पोषणाची भाषा शोभत नाही. गरिबाच्या ताटातून आधी बैल गेला, मग अंडे गेले. पुढे काय जाणार आहे, हे आम्ही गप्प बसून पाहावयाचे काय?

गोठ्यातील हिशेब

माझा जन्म नेवासे तालुक्यातील कोरडवाहू शेतकऱ्याच्या घरी झाला. ज्ञानेश्वरी जेथे सांगितली गेली ती ही भूमी. माझी आई माळकरी होती. तिने जन्मभर मांसाला हात लावला नाही. पोळ्याला ती बैलांच्या पायांवर पाणी घाली आणि त्यांना पुरणपोळीचा घास भरवी. परंतु बैल म्हातारा झाला, जू मानेवर घेईना, की वडील त्याला घोडेगावच्या बाजारी नेत. आई त्या दिवशी जेवत नसे. मात्र ‘नेऊ नका’ असे ती कधी म्हणाली नाही. कारण त्या बैलाच्या आलेल्या पैशांत थोडी भर घालूनच नवा गोऱ्हा येई आणि नव्या गोऱ्ह्यावाचून पेरणी होत नसे. प्रेम आणि व्यवहार यांची ही सांगड आमच्या अडाणी म्हणविल्या जाणाऱ्या आयांना समजत होती; ती पुढाऱ्यांना समजत नाही.

१९७२ च्या दुष्काळात मी शाळकरी मुलगा होतो. माणसे खडी फोडीत होती, मुलांना सुकडी मिळत होती, रेशनवर अमेरिकेचा लाल मिलो येत होता. दावणीला जनावरे मरत होती. त्या वर्षी मी पाहिले की जनावराचा सर्वांत क्रूर मृत्यू सुरीने होत नाही, तो चाऱ्यावाचून होतो. पुढे अर्थशास्त्र शिकताना प्रा. वि. म. दांडेकरांचे लेखन वाचले. गोधनाची संख्या आणि उपलब्ध चारा यांचा मेळ बसत नाही. संख्येचे नियमन केल्यावाचून गोधनाचा विकास होणार नाही. कत्तलीला मनाई केली की जनावर वाचत नाही, ते उपासमारीच्या हवाली होते, हे त्यांनी १९६० च्या दशकातच निर्भीडपणे मांडले होते. तेव्हा मला ते पुस्तकी वाटले नाही. मी ते आमच्या दावणीला पाहिले होते.

आज बैलाची जागा ट्रॅक्टरने घेतली, परंतु गोठा रिकामा झाला नाही. संगमनेर, राहाता, अकोले, राहुरी या पट्ट्यात संकरित गायींवर हजारो कुटुंबे जगतात. गाय व्याली की निम्म्या वेळा गोऱ्हा होतो. संकरित गोऱ्ह्याला वशिंड नाही. तो उन्हात औताला टिकत नाही. त्याचे शेतकऱ्याने करावयाचे काय? म्हाताऱ्या गायीचे काय?

हिशेब सरकारच्याच आकड्याने करू. ३० सप्टेंबर २०२४ रोजी राज्य मंत्रिमंडळाने देशी गायीला ‘राज्यमाता-गोमाता’ घोषित केले आणि त्याच वेळी गोशाळांतील देशी गायीमागे रोज ५० रुपये अनुदान देण्याचे ठरविले. म्हणजे एका जनावराच्या नुसत्या जगण्याला रोज निदान ५० रुपये लागतात, हे शासनाला मान्य आहे. वर्षाचे झाले १८,२५० रुपये. भाकड जनावर पाच वर्षे जगले तर ९१,२५० रुपये. गोशाळेला हे पैसे सरकारी तिजोरीतून मिळतात. शेतकऱ्याच्या दावणीला बांधलेल्या भाकड गायीला आणि गोऱ्ह्याला मात्र छदामही मिळत नाही. धर्म राज्याचा, पुण्य राज्यकर्त्यांचे आणि वैरणीचा खर्च शेतकऱ्याचा, असा हा व्यवहार आहे. याला मी सक्तीची धर्मादाय पट्टी म्हणतो.

“शेण आणि मूत्र यांचे मोल विसरलात,” असे कोणी म्हणेल. २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठानेही गुजरातच्या खटल्यात हा युक्तिवाद उचलून धरला आणि निरुपयोगी बैलांच्या सरसकट कत्तलबंदीला नकार देणारा १९५८ चा निकाल फिरविला. न्यायालयाचा आदर राखून मी एवढेच विचारतो की शेणखत जर एवढे किफायतशीर आहे तर शेतकरी जनावर विकतो का? तो मूर्ख आहे म्हणून? आपल्या गोठ्याचा हिशेब शेतकऱ्याला कळतो हे गृहीत धरूनच अर्थशास्त्राला पहिले पाऊल टाकता येते. शेणाने वैरणीचा खर्च भरून निघाला असता तर म्हातारे बैल मुक्तपणे रानोमाळ फिरताना आणि रात्री ज्वारीच्या उभ्या पिकात शिरताना दिसले नसते.

पशुगणनाही हेच सांगते. २०१२ मध्ये महाराष्ट्रात सुमारे १ कोटी ५५ लाख गायी-बैल होते. २०१९ च्या गणनेत ते १ कोटी ४० लाखांच्या आसपास उतरले. ही घट केवळ २०१५ च्या कायद्याने झाली असे मी म्हणणार नाही. यांत्रिकीकरण आणि दुष्काळ हीही कारणे आहेत. परंतु गोवंश वाढविण्यासाठी केलेल्या कायद्यानंतर गोवंश वाढला नाही, एवढे तरी निर्विवाद आहे. ज्या जनावराच्या विक्रीचा हक्क गेला ते जनावर शेतकरी पाळणार नाही, हे भाकीत करावयास अर्थशास्त्राची पदवी लागत नाही.

२०२५ च्या पावसाळ्यात राज्यातील कुरेशी समाजाच्या व्यापाऱ्यांनी रस्त्यावरील छळाला कंटाळून जनावरांची खरेदीच थांबविली. तेव्हा काय झाले? बाजार ओस पडले आणि सर्वांत आधी हाक मारली ती हिंदू शेतकऱ्याने. ज्याला शत्रू म्हणून उभे केले गेले तोच आपला गिऱ्हाईक होता, हे त्या काही आठवड्यांत गावोगाव कळले. त्या वेळी आपला पक्ष कोठे होता? आपण सापळ्यात न सापडण्याची काळजी घेत होतो.

कांदा, टोमॅटो आणि मांस

ज्येष्ठ सहकारी म्हणतात, कांद्याविषयी बोला. अवश्य बोलू. त्याच कढईत कांदा आहे. ऑगस्ट २०२३ मध्ये कांद्याच्या निर्यातीवर ४० टक्के शुल्क बसले आणि डिसेंबर २०२३ मध्ये निर्यातबंदी आली. आपल्या घामाचे पीक कोणाला विकावे, हे शेतकऱ्याने ठरवावयाचे नाही, दिल्लीने ठरवावयाचे, असे हे धोरण. आपण त्याविरुद्ध मोर्चे काढले, ते योग्यच होते. मग आपले जनावर कोणाला विकावे, हेही शेतकऱ्याने ठरवावयाचे नाही, हे धोरण कोणत्या तत्त्वाने वेगळे? कांद्याची निर्यातबंदी आणि बैलाची विक्रीबंदी यांचा परिणाम एकच: बाजार बंद करून शेतकऱ्याची मालमत्ता मातीमोल करणे.

दुधाविषयी बोलू. जुलै २०२४ मध्ये अकोले तालुक्यातील कोतूळ येथे दूध उत्पादकांनी महिनाभर धरणे धरले. त्यापूर्वी १ जून २०१७ रोजी राहाता तालुक्यातील पुणतांब्याने शेतकऱ्यांच्या संपाची हाक दिली. या जिल्ह्याला लढे नवे नाहीत. परंतु दुधाच्या अर्थकारणात भाकड जनावराची किंमत हा उत्पन्नाचाच एक भाग असतो, हे लक्षात घ्या. गायीचे आयुष्यभराचे दूध आणि शेवटची विक्री मिळून तिचा जमाखर्च जुळतो. शेवटची विक्री शून्यावर आणली की तेवढाच बोजा दुधाच्या प्रत्येक लिटरवर चढतो. तेव्हा दुधाचा दर मागणारा आणि भाकड जनावराच्या विक्रीविषयी मौन पाळणारा कार्यकर्ता अर्धाच हिशेब मांडीत असतो.

आणि दांभिकपणा पाहा. म्हशीच्या मांसाच्या निर्यातीत भारत जगातील आघाडीच्या देशांपैकी एक आहे. दर वर्षी त्यातून तीन-चार अब्ज डॉलरचे परकीय चलन मिळते आणि केंद्राच्या व्यापार मंत्रालयाखालील संस्था त्या निर्यातीला उत्तेजन देते. वातानुकूलित पेटाऱ्यात भरून परदेशी निघालेले मांस राष्ट्राची संपत्ती ठरते. तेच मांस नगरच्या निवृत्त परिचारिकेच्या पिशवीत असले की संशयाचे कारण ठरते. मांस एकच आहे. फरक पडतो तो खाणाऱ्याच्या ऐपतीने आणि त्याच्या जातिधर्माने.

आपल्याच माणसांना दोन शब्द

तीन आक्षेपांना उत्तर देणे आवश्यक आहे.

पहिला आक्षेप श्रद्धेचा. गायीला माता मानणाऱ्याच्या श्रद्धेचा मी आदर करतो. माझी आई त्यांच्यापैकीच होती. कोणीही कोणाच्या ताटात काही वाढीत नाही. परंतु श्रद्धा म्हणजे स्वतःवर घातलेले बंधन. दुसऱ्यावर घातले की तिची सत्ता होते. गाय हा उपयुक्त पशू आहे, देवता नव्हे, असे तर सावरकरांनीही लिहून ठेवले आहे. त्यांचे नाव घेणाऱ्यांना निदान एवढे ठाऊक असावयास हरकत नाही.

दुसरा आक्षेप आपल्याच परंपरेतला. विनोबांनी गोवधबंदीसाठी उपवास केले; ११ जानेवारी १९८२ पासून देवनारच्या कत्तलखान्यासमोर सर्वोदयी मित्रांनी सत्याग्रह चालविला. ती माणसे निर्मळ होती. त्यांचे अर्थशास्त्र मला तेव्हाही पटले नाही, आजही पटत नाही. परंतु त्यांनी क्लेश स्वतः सोसले. कोणा ट्रकचालकाला रस्त्यावर गुडघे टेकावयास लावले नाही. त्यांच्या सत्याग्रहाचा वारसा आजच्या लाठीधाऱ्यांना बहाल करणे हा त्या वृद्ध सेवकांचा अपमान आहे.

तिसरा आक्षेप दलित चळवळीतील काही मित्र घेतात. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मृत जनावराचे मांस खाणे सोडा असे सांगितले, मग तुम्ही हे काय मांडता? बाबासाहेबांनी झुगारावयास सांगितली ती लादलेली लाचारी: गावाने फेकलेले मढे ओढावयाचे आणि तेच खावयाचे, ही बलुत्याची सक्ती. स्वकष्टाच्या पैशांनी, पसंतीने विकत घेतलेले ताजे अन्न ही त्याच्या अगदी उलट गोष्ट आहे. एका सक्तीतून सुटलेल्या माणसाला दुसऱ्या सक्तीत ढकलणे ही मुक्ती नव्हे. शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्ण ब्रह्म’ या पुस्तकात मराठवाड्यातील दलितांच्या स्वयंपाकाची नोंद केली आहे. आपल्या शिबिरांत ते वाचले जावे. कोणाचे अन्न ‘पाककला’ आणि कोणाचे ‘विटाळ’, हे चवीवरून ठरत नाही, सत्तेवरून ठरते, हे त्यावरून कळते.

क्रिओल जेवणाचा इतिहासही हेच सांगतो. लुइझियानातील हे अन्न फ्रेंच आणि स्पॅनिश वसाहतवाले, तेथील मूळ रहिवासी आणि गुलाम म्हणून पकडून आणलेले आफ्रिकी यांच्या चुलींतून जन्मले. त्यातील भेंडी आफ्रिकेतून आली. आपल्या कढईतील मिरची आणि टोमॅटो अमेरिका खंडातून आले. ज्या गुलाम स्त्रियांनी ती चव घडविली त्यांची नावे कोणी लिहून ठेवली नाहीत. आज त्याच चवीसाठी पर्यटक पैसे मोजतात. ‘शुद्ध’ स्वयंपाक जगात कोठेच नाही. शुद्धीचा दंडुका मात्र सर्वत्र आहे.

मागण्या

प्रश्नाचे स्वरूप सांगून थांबणे हा प्राध्यापकी दोष आहे; म्हणून मागण्याही लिहितो. एक, बैल आणि वळू यांच्याबाबत २०१५ पूर्वीची दाखल्याची पद्धत पुन्हा आणावी. दोन, ते होईपर्यंत शेतकऱ्याच्या दावणीच्या प्रत्येक भाकड गायीला, बैलाला आणि गोऱ्ह्याला गोशाळेप्रमाणेच रोज ५० रुपये द्यावेत, किंवा शासनाने ते जनावर बाजारभावाने विकत घ्यावे. तीन, जनावरांच्या वाहतुकीची तपासणी फक्त गणवेशातील पोलिसांनी करावी. रस्त्यावर गाडी अडविणाऱ्या खाजगी टोळीवर दरोड्याचे कलम लावावे. चार, शालेय आहारातील अंड्याचा निधी पूर्ववत करावा.

यातील एकही मागणी कोणाच्या श्रद्धेविरुद्ध नाही. दुसरी मागणी तर गोभक्तांनीच हिरिरीने मांडावी. ते मांडणार नाहीत. कारण मग गायीवरील प्रेमाचे मोल खिशातून द्यावे लागेल.

आणि त्या तरुण कार्यकर्त्याला, ज्याला मी त्या दिवशी उत्तर दिले नाही: मित्रा, प्रश्न निघाला की बोल. आकड्यांनी बोल, शेतकऱ्याच्या हिशेबाने बोल, शांतपणे बोल. मते जातील या भीतीने आपण एकेक विषय सापळा म्हणून सोडीत गेलो, तर शेवटी आपल्यापाशी बोलावयास विषयच उरणार नाही आणि ऐकावयास माणसेही उरणार नाहीत. ज्या बाईला आपले जेवण खिडक्या लावून शिजवावे लागते ती आपल्या कांद्याच्या मोर्चाला कोणत्या विश्वासाने येईल?

परवा मी बाईंना म्हणालो की पुढच्या खेपेस ती कढई आमच्या घरी चढवा. आमच्या स्वयंपाकघराला तीन खिडक्या आहेत. त्या आम्ही उघड्या ठेवू. त्या हसल्या आणि म्हणाल्या, “बघू, सर. आधी तुमच्या शेजाऱ्यांना विचारा.”

मी विचारणार आहे.